विहिरीतली प्रेमगीतं

३ फेब्रुवारी
आमच्या पोरीचा, पुष्पांजलीचा फोन बिघडला असं वाटून मी तो दुकानात नेला! दुकानदार हसला. गाणी मुद्दाम संथ करून त्यात घुमारा भरतात म्हणे. 'स्लोड रिव्हर्ब'. मला तर नायक विहिरीत पडलाय आणि दोर मागायचं सोडून प्रेम करतोय, असंच ऐकू येतं.

५ फेब्रुवारी
तूर निवडताना तेच, भांडी घासताना तेच. पोरगी डोळे मिटून बसते. दुःख काय, तर काही नाही. "दुःख नाही आई, फील आहे." ह्यांनाही लागण झाली. ऐकून बीपी उतरतं म्हणाले. म्हणून गोळी घेतलीच नाही.

८ फेब्रुवारी
वडनेर भोलजीहून किसनरावांचा फोन. त्यांच्या दीपकशी पुष्पांजलीचं ठरलंय. पुढच्या रविवारी, सोळाला, आमच्याकडे साक्षगंध. मांडव आहे, पाहुणे आहेत, तर साक्षगंधातच लग्न लावून टाकू म्हणाले. "कायले दोनदा पंगती उठवता?" मला पटलं. सकाळी साखरपुड्याचं कुंकू, दुपारी मंगळसूत्र. किती सुटसुटीत! मी हो म्हटलं.

९ फेब्रुवारी
पुष्पांजलीला सांगितलं. आजचं गाणं कालच्याहून संथ.

१२ फेब्रुवारी
शेवटी विचारलं — दुसरा कोणी आहे का? नाही म्हणाली. मग दीपक आवडत नाही?
"माहीत नाही न आई. पोह्याची बशी संपेपर्यंत पाहिलं त्याले."
मग हे रडगाणं कशाला? म्हणाली, साधं गाणं मन लागायच्या आत संपून जाते. यात शब्द थांबतो, आपल्याले आत शिरायले जागा भेटते.
"या घरात थांबते का कोणी?"
दूध उतू जाईल म्हणून मी उठले. गॅस बंदच होता.

१४ फेब्रुवारी
एक गाणं शेवटपर्यंत ऐकलं. भिकार.

१६ फेब्रुवारी
साक्षगंध झालं. किसनराव लगेच अक्षता वाटायला निघाले. मी त्यांच्या हातून ताट घेतलं. म्हटलं, आज एवढंच. लग्नाचं पोरं ठरवतील.
"शब्द फिरवता काय विहीणबाई?"
फिरवते म्हटलं.
वडनेरची मंडळी न जेवता गाडीत जाऊन बसली. दीपक उतरला, आणि पंगतीत येऊन बसला.