माझ्या दारातल्या टाळ्या

॥ श्री ॥

कब्बनपेठ, बेंगळुरू
सोमवार, १३ जानेवारी २०२५

चि. सौ. सुखदा हिस आशीर्वाद. एरवी अनेक उत्तम असतात, या खेपेला एकच आहे आणि तोही रागातला.

फोन केला नाही, कारण फोनवर तू सगळ्याला हो हो करतेस आणि ठेवून देतेस. कागद वाचून पुरा करावा लागतो. उद्या संक्रांत. एळ्ळु-बेल्ल, म्हणजे इथला तीळगूळ, करून डबा भरला आहे, पण तुला पाठवणार नाही. गोड बोलायची माझी अजिबात इच्छा नाही.

काल सकाळी तू तुझी ती वीस-पंचवीस माणसं घेऊन पुन्हा आपल्या घरासमोर उभी राहिलीस. टोप्या, पाण्याच्या बाटल्या, तुझ्या कमरेला तो छोटा लाउडस्पीकर. किल्ल्यापासून अव्हेन्यू रोडने त्यांना पायी पेठ दाखवत आणतेस, खुशाल आण. जे. पी. नगरच्या नि एचएसआर लेआउटच्या लोकांना जुनं शहर बघावंसं वाटतं, चांगलंच आहे. पण गेला महिनाभर माझ्या खिडकीखाली तू जे सांगते आहेस, ते काल मी शब्दन्‌शब्द ऐकलं. या घरात खंडोजी नावाचे शिंपी राहत. मुलींनी शिकावं म्हणून त्यांनी मागच्या गल्लीतल्या मुलींच्या शाळेचे गणवेश वीस वर्षं फुकट शिवून दिले, रात्रंदिवस स्वतः मशीनवर बसून. मग हे माझे आजोबा असं म्हणालीस, आणि सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या.

सुखदा, तुझ्या आजोबांनी त्या शाळेचा एकही गणवेश शिवला नाही. सगळे मी शिवले. मी सातवी पास झाले त्या उन्हाळ्यात अप्पांनी मला शाळेतून काढलं आणि मशीनवर बसवलं. शाळेला फुकट गणवेश देण्याचा शब्द त्यांनी चार मंडळींत मोठ्या तोंडाने देऊन ठेवला होता, आणि फुकटच्या कामाला पगारी कारागीर बसवायचा नव्हता. मुलींनी शिकावं म्हणून त्यांनी आपल्या मुलीची शाळा बंद केली. आता वाजव टाळ्या.

हे माझ्या दारात पुन्हा ऐकू येता कामा नये. जावईबापू विराट यांना माझे आशीर्वाद, त्यांचा यात काही दोष नाही. राग आपल्या माणसावरच येतो, एवढं ध्यानात ठेव.

तुझी,
अक्कामावशी

॥ श्री ॥

एचएसआर लेआउट
१६ जानेवारी २०२५

ती. अक्कामावशीस साष्टांग नमस्कार, आणि पाय जरा जास्तच घट्ट धरले आहेत असं समज.

तुझं पत्र तीनदा वाचलं. मला खरंच माहीत नव्हतं गं. आई ही गोष्ट मला दर जूनमध्ये सांगायची, पुण्यात माझा नवा गणवेश आला की. इतक्या वर्षांत तू एकदाही काही बोलली नाहीस. वॉक संपल्यावर मी वर चहाला येते, तेव्हा तरी सांगायचंस.

आता माझी अडचण सांगते. आयटीतून मला कमी केलं, तेव्हापासून हे वॉकच माझं काम आहे, हे तुला माहीत आहे. कुठे थांबायचं आणि काय सांगायचं, ती सगळी स्क्रिप्ट वादिराज ठरवतात, वॉकची कंपनी त्यांची आहे. शेवटी शाळेच्या हॉलमध्ये, अप्पाआजोबांच्या फोटोखाली, सगळ्यांना इडली-कॉफी मिळते. ती जागा शाळेचे विश्वस्त देतात ते याच गोष्टीमुळे. मी वादिराजांशी बोलले. ते म्हणाले की खंडोजींच्या जागी 'खंडोजी आणि त्यांचं कुटुंब' असं म्हणू, म्हणजे तूही त्यात आलीस. मला ते बरं वाटलं. तुला चालेल ना?

डबा खरंच पाठवणार नाहीस का? विराट रोज विचारतो.

तुझ्या रागातही माझी जागा राहू दे.

तुझी,
सुखदा

॥ श्री ॥

कब्बनपेठ
सोमवार, २० जानेवारी २०२५

चि. सौ. सुखदा हिस आशीर्वाद. डबा विराटला पाठवला आहे. तू त्याला हात लावू नकोस.

काल तू 'त्यांचं कुटुंब' म्हणालीस आणि टाळ्या आधीपेक्षा मोठ्या पडल्या. कोण गं कुटुंब? माझ्या आईला मशीन चालवता येत नव्हतं. तुझी आई तेव्हा आठ वर्षांची होती, तिच्या कामाची हद्द म्हणजे बटणं हरवणं. कुटुंब म्हणजे मी. मला नाव आहे, सोयरा. ते घ्यायला तुझ्या वादिराजांना जड जातं का?

ऐक, आता सगळंच सांगते. पहिला गणवेश मी माझ्या मापाचा कापला. आठवीच्या मुलीचं माप हवं होतं आणि घरात मीच तेवढी होते. अप्पांनीच टेप लावली. निळा स्कर्ट, पांढरा ब्लाऊज. नमुना म्हणून तो दुकानात खुंटीला टांगला आणि त्याच्यावरून मी बाकीचे शिवले. स्कर्टला खाली दुमड जास्त ठेवायची, म्हणजे मुलगी वाढली की उसवून लांब करता येतो. हे माझं मला सुचलं होतं. शाळेच्या बाई अप्पांना म्हणाल्या, किती विचार करता हो तुम्ही मुलींचा. अप्पा हसले. मी तिथेच काजं करत बसले होते.

गठ्ठे मीच पोचवायची, शाळेच्या फाटकापर्यंत. माझ्या बाकावरची रंजिता फाटकाशी आली आणि सुट्टी संपल्यावर येणार ना, असं विचारू लागली. मी हो म्हणाले. मला तोवर खरंच तसं वाटत होतं. पुढे दोन स्थळं आली. दोन्ही वेळा अप्पांनी जूनचं काम आहे म्हणून परत पाठवली, आणि दर वर्षी जून येतोच. शाळेच्या वर्धापनदिनाला त्यांना शाल दिली, फोटो हॉलमध्ये लागला. तो फोटो मी पाहिलेला नाही. फाटकाच्या आत मी सातवीनंतर पाऊल टाकलं नाही.

आणि मी कधी बोलले नाही म्हणतेस. तुम्ही कधी विचारलंत? चहाला येतेस तेव्हा बिस्किटं कुठली आणलीस, एवढंच विचारतेस.

मला तुझं नुकसान करायचं नाही. पण माझ्या आयुष्याचं जे झालं, त्याला माझ्याच दारात लोकांनी टाळ्या वाजवाव्यात, हे मी मरेपर्यंत ऐकणार नाही. चिडले आहे, पण तुझी आहे.

अक्कामावशी सोयरा
(नाव मुद्दाम लिहिलं आहे.)

॥ श्री ॥

पुणे
२४ जानेवारी २०२५

ती. अक्काला नमस्कार. तब्येत बरी असेलच. एवढी भांडते आहेस म्हणजे गुडघे दुखत नसणार.

सुखदाने फोनवर सगळं सांगितलं. पोर रडत होती. अक्का, अप्पा जाऊन तीस वर्षं झाली. जो माणूस उत्तर द्यायला नाही, त्याच्याशी भांडण काढून तुला काय मिळणार आहे? त्या काळात सगळ्यांच्याच घरी असं होतं. थोरल्या मुलीला काढायचे, धाकटीला शिकवायचे. मी गणित घेऊन बी.एस्सी. झाले, शाळेत तीस वर्षं शिकवलं, ते अप्पांमुळेच ना? त्यांनी मला शिकवलं नसतं तर मी आज कुठे असते?

तुझ्यावर अन्याय झाला हे मी नाही म्हणत नाही. पण तो घरातला आहे. रस्त्यावर, टोप्या घातलेल्या अनोळखी माणसांपुढे, लाउडस्पीकरवरून आपल्या बापाची अब्रू काढायची? शेजारपाजारचे काय म्हणतील? सुखदाची नोकरी आधीच एकदा गेलेली आहे. एवढं माझ्यासाठी कर. गप्प राहा.

तुझ्या मायेला मी कधी कमी पडू नये, एवढंच मागते.

तुझी,
अलका

॥ श्री ॥

एचएसआर लेआउट
२८ जानेवारी २०२५

ती. अक्कामावशीस साष्टांग नमस्कार.

मार्ग निघाला गं! वादिराजांनी तुझं घरच वॉकमधून काढून टाकलं आहे. या रविवारपासून आम्ही कोपऱ्यावरून वळून भांडी गल्लीने थेट शाळेत जाणार. तुझ्या दारात ना गोष्ट, ना टाळ्या. विश्वस्तही खूश, आईही खूश. तू निवांत कॉफी घे. वॉक संपला की मी येते, बिस्किटांबद्दल एक शब्द बोलणार नाही.

आता तरी हसशील ना?

तुझी,
सुखदा

॥ श्री ॥

कब्बनपेठ
३० जानेवारी २०२५

चि. सौ. सुखदा हिस,

हे पत्र विराटच्या ऑफिसातल्या मुलाबरोबर पाठवते आहे, टपालाने रविवारच्या आत मिळायचं नाही.

चोरासारखी भांडी गल्लीने जाणार? महिनाभर खोटं सांगायला माझं दार चाललं आणि खरं सांगायची वेळ आली तर गल्ली बदलली? अप्पांनीही मला असंच केलं होतं. रस्त्याने शाळेत जाणाऱ्या मुली बघून मी शाळेचं नाव काढू नये म्हणून त्यांनी माझं मशीन रस्त्याकडच्या खोलीतून मागच्या खोलीत नेलं.

रविवारी मी खाली दारात उभी असेन. तू ये किंवा येऊ नकोस.

अक्कामावशी

॥ श्री ॥

कब्बनपेठ
सोमवार, ३ फेब्रुवारी २०२५

चि. सौ. अलका हिस अनेक आशीर्वाद. तू गप्प राहायला सांगितलं होतंस. मी राहिले नाही. दुसऱ्या कुणाकडून कळण्याआधी माझ्याकडून कळावं म्हणून हे पत्र.

काल सकाळी मी हिरवं इळकल लुगडं नेसून दारात उभी राहिले. खालचा पितळेचा दुकानदार म्हणाला, अक्का, लग्नाला का? मी म्हटलं, हो, स्वल्प उशीर झालाय. मग कोपऱ्यावर तुझी लेक दिसली, मागे सगळी माणसं. आणि शेजारी वादिराज, वॉक बरोबर गल्लीने वळतो की नाही ते बघायला स्वतः आलेले. सुखदा थांबली. तिने गल्लीकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं. वादिराज तिला हाताने वळ वळ म्हणत होते. ती सरळ आली. माझ्यासमोर उभी राहिली, कमरेचा स्पीकर सोडला आणि माइक माझ्या हातात दिला. लोकांना म्हणाली की ही गोष्ट मी आजवर चुकीची सांगत आले, ज्यांची आहे त्या आता सांगतील.

मला बोलता कुठे येतं? त्या डब्यातून माझाच आवाज आला आणि मी दचकले. अर्धं कन्नडात, अर्धं मराठीत सांगितलं. मी सोयरा, खंडोजींची थोरली मुलगी. ते गणवेश मी शिवले. पहिला माझ्या मापाचा होता, तो मी एकदाही घातला नाही. अप्पांना मी शिव्या दिल्या नाहीत, तू काळजी करू नकोस. जे झालं तेवढंच सांगितलं. आवाज चढला माझा, मला कळत होतं, पण मी तो उतरवला नाही. इतकी वर्षं उतरवलेलाच होता.

बोलणं संपलं आणि कुणीही टाळ्या वाजवल्या नाहीत. एकाने हात उचलले होते, ते त्याने परत खाली घेतले. माझ्या दारात इतकी माणसं आणि एवढी शांतता. फार बरं वाटलं, अलका.

मग एक मुलगी पुढे आली, जे. पी. नगरची, सौम्या नाव. मला वाटलं फोटो मागणार. तिने विचारलं, अक्का, शाळेत तुमचा आवडता विषय कोणता होता?

मला आठवेचना. सत्तर वर्षांत अप्पांनी, आईने, तू, कुणीच हे मला विचारलं नव्हतं. सगळे थांबून राहिले, वादिराजसुद्धा. मग आठवलं. भूगोल, मी म्हणाले. नकाशे काढायला मला आवडायचं, नद्या निळ्या पेन्सिलीने. आणि तिथेच, रस्त्यावर, सगळ्यांसमोर मला रडू आलं. तुला ज्याची लाज वाटत होती ते सगळं झालं.

सुखदाचं काम राहतं की जातं, ते अजून कळलेलं नाही. ती म्हणते, गेलं तर आपण दोघी मिळून वॉक काढू. मी म्हटलं, आधी मला किल्ला दाखव, मी तो आतून बघितलेला नाही.

तू लिहिलंस की अप्पांनी तुला शिकवलं. शिकवलं. पण तुझ्या अंगावरचा गणवेश कुणी शिवला ते तुला तेव्हाही माहीत होतं. राग अजून आहे, आणि तुझ्यावरचा तर गेलेला मुळीच नाही. तरी उन्हाळ्यात ये. भांडायला समोर माणूस लागतं.

तुझी,
अक्का सोयरा

ता. क. तुझा आवडता विषय गणित होता. मला पहिल्यापासून माहीत आहे. दर जूनमध्ये तुझं माप घेताना मी तुला विचारत असे.