मोहबोडीखालचा कोळसा

२७ जुलै, रविवार. सकाळ.
आजपासून रोजनिशी. मोठ्या कामाची नोंद राहायला हवी. मोबाइलवर अख्खं गाव उभं करणं हे मोठंच काम आहे. लोकांना आज कळत नाही, पोळ्याला कळेल.

गाव म्हणजे मोहबोडी. घुग्घुसच्या पलीकडे होतं. खाणीत गेलं त्याला सहा वर्षं झाली. तिथं आता खड्डा, आणि आम्ही इथं वसाहतीत, प्लॉट नंबर ४१. गेमचं नाव क्यूबोलँड, त्यात माझं नाव गावरत्न रोशन. ठोकळ्यावर ठोकळा ठेवत काय हवं ते बांधा. ठोकळे फुकट, कितीही. आठ महिन्यांत सगळी घरं झाली, मारुती झाला, शाळा झाली. राहिला फक्त आखर, गावाबाहेरची गुरं जमायची जागा. वसाहतीला आखर दिलाच नाही. पोळ्याला लोक तोरणाखाली मोटारसायकली उभ्या करतात.

संकल्प : २२ ऑगस्टला, पोळ्याच्या दिवशी, समाजमंदिरात मोठ्या पडद्यावर मोहबोडी दाखवायची. मग बघू कोण काय बोलतं.
(सध्या एकच बोलतात. गाव खाणीला द्यायच्या संमतीपत्रावर पहिली सही रोशनची. अरे, कुणीतरी पहिला असणारच. मतदानाच्या रांगेतही असतो.)

२९ जुलै. दुपार.
माय बोलली! थेट!
त्या सहीपायी गाव गेलं, तेव्हापासून माय माझ्याशी बोलत नाही. रंजीतामार्फत बोलते. मी दोन हातांच्या अंतरावर बसलेला असतो आणि ती माझ्या बायकोला म्हणते, "त्याले सांग, जेवून घे." सहा वर्षं हेच. गेम सुरू झाल्यापासून मात्र ती बाजूला येऊन बघते. आज विहीर बघत होती. एकदम म्हणाली, "रोशन, विहिरीच्या दगडाले दोराची खाच होती. ते काऊन नाई केली?"
माझं नाव घेतलं. डोळ्यात काहीतरी गेलं. इकडे खाणीची धूळ फार.

१ ऑगस्ट.
खाच केली. मायला मोतीबिंदू आहे, मोबाइल नाकाला लावून बघते. म्हणाली, आपला उंबरठा दाखव. दाखवला. तिनं त्यावर बोट ठेवलं तर दार उघडलं. हसली. मी म्हटलं, पोळ्याला मोठ्या पडद्यावर दाखवतो. म्हणाली, "आधी पाह्यतो सारं. मंग बोलू आपण मायलेक."
मंग बोलू! म्हणजे पोळ्यानंतर रंजीताची मध्यस्थी बंद. यासाठी मी वाटेल ते करीन.

४ ऑगस्ट. ड्युटीवर.
मी खाणीच्या काट्यावर असतो, ट्रक तोलतो. सहीनंतरची नोकरी. (सगळ्यांनाच मिळाली. मला आधी मिळाली.) ऑफिसच्या वायफायवर गेमचं मोठं अपडेट आलं. काल रंजीता म्हणाली होती, "चांगलं चालू राह्यलं ना, मंग कायले छेडता?" बायकांना प्रगतीची भीती वाटते. दाबलं. अटी वाचल्या नाहीत. अटी कोण वाचतं? संमतीपत्र तरी कुठं वाचलं होतं?

५ ऑगस्ट.
सत्यानाश. फुकट ठोकळे बंद. आता जे हवं ते कोळसा देऊन घ्यायचं. गेममध्ये संध्याकाळ झाली की गावात काळोख, दिवेसुद्धा कोळशावर. पूर्वी जमीन तीन ठोकळे जाड होती आणि खाली काहीच नव्हतं. आता खाली पाताळापर्यंत खोदता येतं. कंपनीला एक स्टार दिला. कडक शब्दांत लिहिलं.

संध्याकाळी. अपडेटमध्ये बैल आले आहेत! शिंगं, वशिंड, गळ्यात घुंगरं. चालतात. बैलजोडीला वीस कोळसे. आखरावर तोरण, तोरणाखाली गावचे बैल! हे तर माझ्यासाठीच केलंय. तीन स्टार केले.

८ ऑगस्ट.
बोडीच्या मागे खणलं. आमच्याकडे बोडी म्हणजे तळं. तिथं कुणाचं घर नव्हतं. मिळाले सात कोळसे.
संकल्प : गावाच्या शिवेच्या आत कुदळ लावायची नाही. एकाही घराला धक्का नाही. लेखी.

११ ऑगस्ट.
कोळसा दाखवणारं यंत्र घेतलं. त्यात सात कोळसे गेले. कोळसा सगळा बरोबर गावाखाली निघाला. आता यात माझी काय चूक? खऱ्या मोहबोडीतही तिथंच होता.

फक्त एक घर. वामनरावचं. हा आमच्या समोर राहायचा. दोन वर्षं सही अडवून धरली, सगळ्यात शेवटी केली, आणि आता वसाहतभर मला नावं ठेवत फिरतो. त्याच्या घराखाली खणलं. स्क्रीनवर आलं : खालची जमीन पोकळ होत आहे, पुढे जायचं का? हो दाबलं. किती सोपं. इथं कुणाच्या दारात जाऊन सही मागावी लागत नाही.

१४ ऑगस्ट.
शाळेखाली खणलं. मारुतीखालीही, पण नमस्कार करून. वरून काही दिसत नाही, आणि माणसं वरूनच बघतात. सहा बैलजोड्या झाल्या. गावात दिवे लागले. रंजीता डोकावून म्हणाली, "हे तं तुमची ड्युटीच झाली घरी."
मायनं विचारलं, "रोशन, हे लाइट कायचे?" म्हटलं, नवीन अपडेट. यात खोटं काहीच नाही.

१८ ऑगस्ट.
सहा जोड्या पुरत नाहीत. एखाद्याच्या दारात बैल दिसले नाहीत तर त्याला वाटेल मी मुद्दाम गाळले. सगळ्यांचे घेतले. न्याय म्हणजे न्याय. आता गावात खाली न खणलेलं एकच घर आहे, आमचं. त्याला मरेपर्यंत हात लावणार नाही.

१९ ऑगस्ट.
आमच्या घराखाली खणलं. फक्त ओसरीखाली. उंबरठ्याला धक्का नाही. तोरणाला झेंडूची फुलं कमी पडत होती आणि बिनफुलांचं तोरण मायला चाललं नसतं. म्हणजे केलं ते तिच्यासाठीच.
संकल्प : पोळा झाला की सगळे खड्डे मातीनं भरायचे. वर झाडं लावायची. आमचे खाणीचे साहेबही दरवर्षी हेच सांगतात.

२१ ऑगस्ट. संध्याकाळ.
आज खांदशेकणी. पोळ्याच्या आदल्या दिवशी बैलांच्या खांद्यांना तूप-हळद लावतात. सहा वर्षं घरात बैल नाही, म्हणून मायनं हा सण सोडला होता. आज तिनं तूप-हळद कालवली, पळसाचं पान घेतलं आणि मला म्हणाली, "कुठी हायेत आपले?" मी मोबाइल पुढे धरला. तिनं स्क्रीनवरच्या दोघांच्या खांद्यांना हळद लावली. सावकाश, आधी एकाला, मग दुसऱ्याला. म्हणाली, "आज आवतन घ्या, उद्या जेवाले या."
मला हसू आलं नाही. स्क्रीन पिवळा झाला. पुसावासा वाटला नाही. सहा वर्षांत इतका चांगला दिवस गेला नव्हता.
खड्ड्यांचं तिला सांगावं असं एकदा मनात आलं. पण सणाच्या तोंडावर कशाला?

२२ ऑगस्ट. पोळा.
जे झालं ते क्रमानं लिहितो. भावना बाजूला.

पाच वाजता समाजमंदिर भरलं. पहिल्या ओळीत खुर्चीवर माय, नवं लुगडं. पडद्यावर मोहबोडी लागली. मग बायका एकेक घर ओळखू लागल्या. वामनराव उभाच राहिला. "अबे, माह्या दारचा आंबा! त्याची फांदीबी तशीच वाकडी केली पोट्ट्यानं!" रुमाल काढला. सहा वर्षांत हा माणूस माझ्याविषयी पहिल्यांदा बरं बोलला. माय मागे वळून माझ्याकडे बघत होती. नुसती बघत होती.

मी बैल सोडले. सगळ्या दारांतून निघाले, गल्लीतून आखराकडे. लोकांनी टाळ्या वाजवल्या.

अपडेटनंतर वस्तूंना वजन आलं आहे. हे अटींमध्ये होतं म्हणे.

आधी वामनरावचं घर खाली गेलं, आंब्यासकट. मग शाळा. मारुती. विहीर, खाचेसकट. बैल आत चालतच राहिले, एकामागे एक. प्रोजेक्टरला आवाज नव्हता, त्यामुळे सगळं शांतपणे झालं. शेवटी पडद्यावर खड्डा उरला. ड्युटीवर मी रोज बघतो, तसाच.

त्यावर अक्षरं आली. सगळ्यांना वाचता यावं म्हणून गेमची भाषा मीच मराठी केली होती. मायला वाचता येत नाही. तिनं विचारलं, काय लिहिलं? वामनरावनं मोठ्यानं वाचलं : "जमीन खचली. खोदकाम करणारा : गावरत्न रोशन."

कुणी शिवी दिली नाही. दिली असती तर बरं झालं असतं. माय म्हणाली, "आपल्या घराखालीबी?" मी म्हटलं, फक्त ओसरीखाली, माय. उंबरठ्याला हात लावला नाही.
तिनं पडद्याकडे बघितलं. उंबरठा कुठंच नव्हता. रंजीताचा हात धरून ती घरी गेली.

२३ ऑगस्ट. सकाळ.
एक स्टार केला. कंपनीला सविस्तर पत्र लिहिलं. चूक सर्वस्वी अपडेटची आहे. थोडी प्रोजेक्टरची. जुनं व्हर्जन परत मिळत नाही असं त्यांचं उत्तर आलं, यंत्रानं पाठवलेलं.

संकल्प : मोहबोडी पुन्हा बांधायची. या वेळी खाली न खणता. त्यासाठी आधी थोडा कोळसा लागेल.

मायला हे सांगायला ओसरीत गेलो. ती सूप घेऊन तांदूळ निवडत होती. मी समोर बसलो, दोन हातांवर. म्हटलं, माय, विहिरीचं चाक कुठल्या बाजूला होतं? तिनं खडा काढून बाजूला टाकला. मग आत चुलीकडे बघून म्हणाली, "रंजीता, त्याले सांग, चहा थंडा होऊन राह्यला."