मालगुंडहून बिशपसाहेबांना

मालगुंड,
१६ जानेवारी २०२५

प्रिय सुहासदादास,

सप्रेम जयभीम, आणि तुमच्यात म्हणतात तसा सलामही. आम्ही सगळे बरे आहोत. आप्पांना त्र्याऐंशीवं लागलं, पण काठी अजून फक्त कुत्र्यांसाठीच लागते.

दादा, तू बिशप होणार! माझ्या मुलीनं, अक्षयानं, मोबाइलवर फोटो दाखवला. "आई, तुझं नाक लावलेला हा बिशप कोण गं?" मी ओरडलेच, "अगं, तुझा मामा!" तिला मामा आहे हेच ठाऊक नव्हतं. मग तिनं सगळं वाचून दाखवलं. अँग्लिकन परंपरेतलं तुझं शिक्षण, अठरा वर्षं मोटारसायकलवरून सांभाळलेल्या डोंगरातल्या ख्रिस्ती मंडळ्या, आणि चर्चची विहीर साऱ्या गावाला खुली केलीस म्हणून झालेलं भांडण. विहिरीचं ऐकून आप्पा ताठ बसले. "ह्यो माजाच," म्हणाले.

त्यांचे प्रश्न संपत नाहीत. बिशप तहसीलदाराच्या वर की खाली? दोन फेब्रुवारीच्या तुझ्या दीक्षेला तीन बिशप डोक्यावर हात ठेवतात म्हटल्यावर, "तीन कशाला? एकाचा पुरत नाय?" मी वाडीभर पेढे वाटले. आमचे महेंद्र म्हणतात, "बिशप तुझा भाऊ होतोय की तू?"

काल आप्पा म्हणाले, "मी जातंय दोन तारखेला. हाकललान तर परत येन."

आता लिहायलाच हवं. फोनवर हे माझ्या तोंडून निघालं नसतं.

नव्व्याण्णव साली तुझ्या बाप्तिस्म्याची बातमी आली, तेव्हा आप्पांनी मला पत्र लिहायला बसवलं. त्यांना सहीपुरतंच येतं. त्यांनी सांगितलं ते असं: "माज्या बापसानंय छप्पन साली आपल्या बापसाचा देव सोडलान. मी कोणच्या तोंडानं अडवू? घरी येत जा." आणि मी लिहिलं, "या घरात पुन्हा पाय ठेवू नकोस." खाली त्यांची सही घेतली.

माझं लग्न ठरत होतं. महेंद्रच्या घरचे समाजात पुढारी. भाऊ ख्रिस्ती झाला म्हणून सोयरीक मोडतील, या भीतीनं माझी गाळण उडाली होती. तू आला नाहीस, लग्न पार पडलं. पोरगा शिकला आणि चढला, असं आप्पा सव्वीस वर्षं समजत राहिले. मी समजू दिलं.

आज सकाळी त्यांना सगळं सांगितलं. जेवले नाहीत. दुपारी पेटीतून पांढरा सदरा काढला आणि स्वतःच धुतला. माझ्या हाती दिला नाही.

ते येताहेत, दादा. चर्चच्या दाराकडे लक्ष ठेव. मी त्यांना आत सोडून बाहेर उभी राहीन.

पापांची क्षमा जाहीर करणं हे बिशपचं काम असतं, असं अक्षयानं वाचलंय. मला ती इतक्यात नको. आधी बाहेर ये आणि माझं नाव घेऊन मला रागव.

तुझी अपराधी बहीण,
रसिका