उंबराखालचं पाणी

मस्कत

तीर्थरूप बाबा,

लांबूनच पाया पडते. फोनवर तुमाला ऐकू येत नाय, म्हणून लिहिते. आई वाचून दाखवेल.

मी बरी हाय. हॉस्पिटलात आता दिवसाचीच ड्यूटी असते. बाटलीचं थंड पाणी हवं तेवढं मिळतं. तहान भागते, पण त्याला चव नाय.

मग डोळे मिटून मी आपल्या ओहोळाच्या कडेने चालत जाते. उंबराच्या मुळाशी झरा फुटतो, काळ्या कातळावर पसरतो, आपल्या बांधाला वळसा घालतो आणि नेरे गावाखाली गाढी नदीला मिळतो. नदी खाडीत, खाडी समुद्रात. इथल्या किनाऱ्यावर उभी राहिले की वाटतं, ते पाणी इथवर येत असेल, पण खारट होऊन.

प्रितमदादा परवा फोनवर म्हणाला, झऱ्याच्या वरच्या फार्महाऊसवाल्यांनी बोअर मारली. मग लगेच विषय बदलला. ओहोळ बांधापर्यंत येतो ना अजून? कातळाखाली मासे दिसतात का? खरं ते कळवा.

उन्हाळा लागला की तुमी ओहोळाच्या वाळूत डवरा खणता. गढूळ पाणी उपसून टाकता, आणि खड्ड्यात निवळ पाणी साचलं की पहिला तांब्या दगडावर ठेवता, कोणी वाटसरू आला तर त्याला म्हणून. लहानपणी मला राग यायचा. तहान मला लागलीय आणि पाणी परक्याला.

यंदा हातभर जास्त खणावं लागलं तरी खणा, बाबा. तांब्या दगडावर ठेवा. आता वाटसरू मीच हाय.

तुमची विनू