सीन सातमध्ये एकच बाई

३ मार्च
चाळीस माणसं!! जर्मनीहून संपादक बिर्गिटबाईंची मेल — "तुमच्या एपिसोडमध्ये चाळीस माणसं आहेत. खून तर एकाचाच आहे ना?"
जर्मनीच्या टीव्हीवरची पोलीस मालिका. मी इथं नांदूरघाटात बसून इंग्रजीत लिहायचं, तिकडं त्याचं जर्मन करणार. हा भाग पास झाला तर पुढचे सहा माझे. पडद्यावर नाव — ईश्वरी! नापास झाला तर बाबांनी बी.एड.चा फॉर्म आणूनच ठेवलाय.
पण पोलीस दारात आला अन् गल्ली गोळा झाली न्हाई, असं कुठं असतं का?

५ मार्च
गल्ली काढली. शेजारी काढले. मयताच्या आत्या काढताना लई जिवावर आलं.
बिर्गिटबाई — "छान. आता सीन सात. मेलेल्याची बायको घरात एकटी. तीन पानं. कुणी येत नाही, फोनही नाही."
एकटी? मयताच्या घरात? तीन पानं करणार काय ती?
लिहिलं — बसते. रडते. अर्धं पान.

६ मार्च
अनुभव पाहिजे. जन्मात घरात एकटी राहिलेच न्हाई मी. गच्चीवर जाऊन बसले. चार मिनिटांत अंजनाकाकू त्यांच्या गच्चीवरून — "कावून गं एकटी? कुनी पोरगा-बिरगा हाय का?"
खाली आले. आईनं मीठ-मिरच्यानं दृष्ट काढली.

७ मार्च
मळ्यात गेले, विहिरीपाशी बसले. बाबा दुकान उघडं टाकून पळत आले! कुणीतरी फोन केलता — "रुद्रप्पा, पोरगी विहिरीत बघायलीय!"
बाबा धापा टाकत — "नको करू बी.एड.! घरी चल फक्त."
तेवढं एक बरं झालं. सीन मात्र अर्धंच पान. सोमवारी द्यायचाय.

९ मार्च
सगळे केजला लग्नाला. अक्षता पडल्या की मी हळूच निघाले — घर रिकामं मिळंल म्हणून. आई गुडघ्याचं निमित्त करून घरीच राहिलती, विसरलेच!
दाराला आतून कडी. खिडकीतून बघितलं. आई बाबांच्या खुर्चीत, पाय वर घेऊन. टीव्ही बंद. काहीच करंना. मग उठली, एकच कप चहा केला, तो हातात धरून बसली. गार होईस्तोवर. मधीच एकदा हसली. कशाला, कोण जाणे.
अर्धा तास.
मी दार वाजवलं न्हाई. बाहेरच ओट्यावर बसून मोबाइलवर तीन पानं लिहिली.

१२ मार्च
पास!!! बिर्गिटबाई — "ही बाई कुठून आणली? ती हसली आणि आमचं ऑफिस गप्प झालं."
मी कळवलं — कल्पनेतून.
बाबा पेढे वाटायलेत. गिऱ्हाइकाला सांगतात, "जर्मनीचे पोलीस आमच्या ईश्वरीला विचारून चालतेत."

१३ मार्च
आई म्हणाली, सांग की तुझा सीन. सांगितला. खुर्ची, कप, हसणं, सगळं.
बराच वेळ ती पोळ्या लाटत राहिली. मग खालीच बघून —
"नवरा कावून मारलास गं तिचा? लग्नाला गेलता म्हनून लिही की."