वरच्या वर्गातली खुर्ची

३ सप्टेंबर

ती. मावशीस बिट्टीचा शि. सा. न. वि. वि.

फोनवर तुला ऐकू येत नाही, काहीही विचारलं तरी तू जेवल्याचंच सांगतेस, म्हणून पत्र. बातमी अशी की यंदा सातवीत मला ॲडव्हान्स्ड इंग्लिशच्या वर्गात घातलं आहे. मी मागितलं नव्हतं. परीक्षा घेतली, यादी लागली, आणि यादीत मी. तेव्हापासून रोज जाऊन यादी पुन्हा वाचते, नाव चुकून पडलं असेल म्हणून.

बाबांना विचारलं की त्या वर्गात काय काय असतं. ते म्हणाले की चष्मा लागला तर सांग, त्यापलीकडे मला कळत नाही. तुझ्या मावशीने जन्मभर तसल्याच वर्गात मुलांना घाबरवलं आहे, तिला विचार. म्हणून विचारते. फार अवघड असतं का? मार्क पडतात का? आणि तिथली मुलं फार शहाणी असतात का? खरं लिही, माझी समजूत घालू नकोस.

बाबा बरे आहेत, दुकान आणि भिंगं यांतच असतात. प्रेम आहेच, उत्तर मात्र लवकर पाठव.

तुझी
बिट्टी


११ सप्टेंबर

चि. बिट्टीस अ. उ. आ.

नमनाला घडाभर तेल न घालता सांगते. मार्क पडतील. पहिला निबंध परत येईल तेव्हा त्या कागदावर तुझ्यापेक्षा बाईंचंच अक्षर जास्त असेल. एकदा रडून घे आणि मग नीट वाच. तोच निबंध पुन्हा लिहायला लागेल, आणि पुन्हा. तू म्हणशील आता काय राहिलं, तर तेव्हा कुठे सुरुवात झालेली असते.

पुस्तक आवडलं म्हणून सुटका नाही. कुठल्या ओळीत आवडलं, ती ओळ दाखव, असं विचारतील. माझ्या वर्गातला एक महाभाग दर पुस्तकात नायकच खरा दुष्ट असल्याचं ठणकावून सांगायचा, आणि पुरावा मागितला की त्याचा घसा बसायचा. शहाणी मुलं असतीलच. त्यांनाही रात्री झोप येत नाही, एवढं लक्षात ठेव म्हणजे झालं.

जपायचं ते खुर्चीपाशी. सहामाहीच्या सुमारास दुसऱ्या कुणाचा तरी ‘मी’ घेऊन लिहायला सांगतात. मग फळ्यापुढे खुर्ची मांडतात, लिहिणाऱ्याने त्या माणसासारखं त्यात बसायचं आणि वर्ग विचारेल त्याला उत्तर द्यायचं. लिहिलेलं सोडून भलतंच विचारतात, आणि उत्तर येतं. कुठून येतं ते मला इतकी वर्षं शिकवूनही कळलं नाही. म्हणून माणूस दूरचा निवड. चोर घे, खलाशी घे, एखादा राजा घे. घरचं कुणी घेऊ नकोस. आणि खुर्चीतून उठलीस की आपलं नाव मोठ्याने सांगायचं, हा माझ्या वर्गाचा नियम होता.

बाबांना माझा नमस्कार. आमच्या लोभाला खंड नाही, तुमच्या पत्रांना असतो.

तुझी
मावशी


१४ ऑक्टोबर

ती. मावशीस शि. सा. न. वि. वि.

तू म्हणालीस तसंच सगळं झालं. पहिला निबंध लाल होऊन आला, मी रडले, मग वाचला. आता तितकी भीती वाटत नाही. वर्गात निम्म्या मुलांच्या घरी वेगवेगळ्या भाषा आहेत. मधल्या सुट्टीत आम्ही एकमेकांना शिव्या शिकवतो. मराठी कळणारी मात्र मी एकटीच, त्यामुळे माझ्या शिव्यांना भाव चांगला आहे.

आता खरं सांगते, रागावू नकोस. खुर्चीसाठी मी आईला घेतलं आहे. घरचं कुणी नको असं तू म्हणाली होतीस, पण आई मला घरची वाटतच नाही गं. मी दोन वर्षांची असताना ती गेली. तिचा आवाज मला आठवत नाही. फोटोत ती नेहमी दुसरीकडेच बघत असते. राजाबद्दल तरी पुस्तकात दहा पानं सापडतात. म्हणजे राजापेक्षा ती दूरची झाली की नाही?

बाबांना विचारलं तर ते चांगली होती म्हणाले आणि भिंगं घासायचं मशीन सुरू केलं. आता तूच सांग. ती कशी बोलायची, रागावली की काय करायची, दिवसभर हाताने काय करायची? मला खोटी आई लिहायची नाही. बाई पुरावा मागतात.

माया पातळ होऊ देऊ नकोस.

तुझी
बिट्टी


२३ ऑक्टोबर

चि. बिट्टीस अ. उ. आ.

तू पुढेमागे वकील होणार, त्याशिवाय राजापेक्षा आई दूरची असला युक्तिवाद कुणाला सुचत नाही. मला राग आला होता. पत्र दोन दिवस तसंच ठेवलं. पण तुला ठाऊक नाही याचाही मला तितकाच राग आला, तेव्हा लिहायला बसले.

तुझी आई माझी धाकटी. लाँड्रीत इस्त्रीला होती. दुपारी घरी यायची तेव्हा अंगाला वाफेचा वास असायचा, आणि हिवाळ्यात आम्ही सगळे तिच्याजवळ सरकून बसायचो. इस्त्रीची सवय म्हणून की काय, ती प्रत्येक गोष्टीला पालथा हात लावून बघायची. पाण्याला, चहाच्या कपाला, भिंतीला, तुझ्या कपाळाला. रागावली की भांडायची नाही, दुसऱ्याचं कपाट आवरायला काढायची. माझं कपाट तिच्या लग्नापर्यंत फार नीटनेटकं असे, यावरून काय ते समज. हसू आलं की आधी खांदे हलायचे, आवाज मागून यायचा.

तिला इंग्रजी येत नव्हतं. माझ्या इंग्रजीला ती फार हसायची. आता तुझ्या वर्गात ती फाडफाड इंग्रजी बोलणार, तर आधी मलाच टोमणा मारेल.

एक ऐक. लिहून झालं की तोंड धू, बाहेर पड, खेळायला जा. आणि नाव सांगायला विसरू नकोस. माझा जीव तुझ्यात आहे, म्हणून इतकं सांगते.

तुझी
मावशी


९ नोव्हेंबर

ती. ताईंस सा. न. वि. वि.

मी पत्र लिहिणारा माणूस नाही हे तुम्ही जाणता. बिट्टीबद्दल आहे म्हणून लिहितो.

ती पाण्याला, भिंतीला पालथा हात लावते. परवा माझ्यावर रुसली आणि माझं कपाट आवरलं. हे तुम्ही तिला कळवलेलं आहे, ती मला म्हणाली. त्यामुळे मी गप्प होतो. पण गेल्या मंगळवारी दुकानातून आलो, बाहीवर भिंगांची पांढरी पूड तशीच होती. स्वयंपाकघराच्या दारातून ती म्हणाली की आत यायच्या आधी बाही झटका, सगळं घर पिठाच्या गिरणीसारखं होतं. मी चुकलं म्हणालो, बाही झटकली आणि हात धुवायला गेलो. नळाखाली हात धरल्यावर ध्यानात आलं की मी कुणाला उत्तर दिलं. गिरणीचं बोलणं हिचं, बिट्टीच्या आईचं. हिच्यानंतर ते या घरात कुणी बोललेलं नाही. तुम्ही लिहिलं होतंत का?

मला भीती वाटली. तुमच्यापासून काय लपवायचं, बरंही वाटलं. दुसऱ्या दिवशी मी मुद्दाम बाही न झटकता घरात आलो. ती पुन्हा बोलली.

आता ती हाकेला लगेच ओ देत नाही. दोनदा हाक मारावी लागते, आणि वळून बघते ती परक्यासारखी. या खेळात माझी मुलगी हरवेल अशी धास्ती वाटते, आणि तो थांबवणं माझ्याच्याने होत नाही. तो तुम्ही थांबवावा. खुर्चीचा दिवस बावीस तारखेला आहे. तिने लिहिलेलं सोबत पाठवतो, तुम्हाला दाखवावं असं तीच म्हणाली. मला इंग्रजी वाचता येतं, पण हे मी पुरं वाचू शकलो नाही.

आपला आधार आहे तसाच राहावा.

आपला
बिट्टीचा बाबा


१५ नोव्हेंबर

चि. बिट्टीस अ. उ. आ.

तुला थांबवायला म्हणून हे पत्र लिहायला घेतलं. बाबांना तसं वचन द्यावं असंही मनात होतं. बाही झटकण्याचं मी तुला लिहिलेलं नव्हतं. मलाच ते माहीत नव्हतं.

मग तुझा निबंध वाचला. इंग्रजी चांगलं आहे, दोन ठिकाणी पाल्हाळ आहे. शेवटच्या पानावर तुझी आई इस्पितळात मोठ्या बहिणीला पलंग फिरवायला सांगते, तोंड दाराकडे व्हावं म्हणून. बिट्टी, मी तो पलंग खरंच फिरवला होता. खोलीत मी आणि ती, दोघीच होतो. नर्स ओरडेल म्हणून तासाभरात परत जागेवर लावला. हे मी कुणालाही बोललेले नाही. तुला कसं सुचलं, ते मी विचारत नाही, कारण तू सुचलं असंच म्हणशील.

त्या दिवशी तुझी आई बराच वेळ माझ्याशी काहीतरी बोलली. तिचा आवाज गेलेला होता, आणि माझ्या कानांनी दगा द्यायला तेव्हाच सुरुवात केली होती, मलाही ते नीट उमगलं नव्हतं. मला एक अक्षर ऐकू आलं नाही. पुन्हा सांग म्हणावं तर तिच्यात तेवढा जीव नव्हता. ती माझ्या तोंडाकडे बघत राहिली, म्हणून मी हो म्हटलं. तिने डोळे मिटले, ते मिटलेच. मी कशाला हो म्हटलं ते मला आजतागायत माहीत नाही. रोज सकाळी उठते आणि पहिला विचार तोच येतो, की आज आपलं काय करायचं राहिलं.

खुर्चीत बसशील तेव्हा वर्गातल्या कुणाला तरी हे विचारायला सांग. त्या दिवशी तुम्ही बहिणीला काय सांगितलंत, एवढंच. माझ्या वर्गातल्या कुठल्या पालकाने मुलीला असं काही सांगितलं असतं तर मी त्याला बाहेर काढलं असतं, हे मला कळतं. तरी लिहिते आहे. बाबांना हे पत्र दाखवू नकोस असंही लिहिणार होते, ते मात्र लिहीत नाही.

या वेळी लोभ तूच सांभाळ.

तुझी
मावशी


२५ नोव्हेंबर

ती. मावशीस शि. सा. न. वि. वि.

पत्र बाबांना दाखवलं. त्यांनी ते दोनदा वाचलं, मग म्हणाले की विचारू दे.

खुर्ची झाली. आधी सोपं सोपं विचारलं. लाँड्रीत फार उकडतं का, तुमचा नवरा कसा आहे, तुम्हाला कशाची भीती वाटते. मी उत्तरं देत होते, इंग्रजीतच, आणि मला मजा येत होती. तुझी चेष्टाही केली, वर्ग हसला. मग माझ्या बाकावरच्या उंच मैत्रिणीने तुझा प्रश्न विचारला.

त्याच्या पुढचं मला आठवत नाही. मी झोपले नव्हते, चक्कर आली नव्हती, पण ते माझ्याजवळ नाही. मैत्रिणीने सांगितलं ते लिहिते. मी आधी खुर्चीच्या दांडीला पालथा हात लावला. मग आपल्या भाषेत बोलायला लागले, पुष्कळ बोलले. ती म्हणते की मी रडत नव्हते. कुणाला कामं सांगावीत तसं बोटांवर मोजत होते. मधेच खांदे हलले, मग हसले. वर्गात कुणालाच काही कळलं नाही. मैत्रिणीने दोन शब्द माझ्यासाठी लक्षात ठेवले होते, पण ती म्हणून दाखवते तेव्हा ते कुठल्याच भाषेतले वाटत नाहीत. मी तिला चार वेळा म्हणायला लावलं. शेवटी तिला रडू आलं.

बोलून झाल्यावर मी उठेना. बाईंकडे बघत राहिले, त्यांनी काहीतरी म्हणावं म्हणून. बाई मला नंतर म्हणाल्या की माझी नजर त्यांना बघवेना, म्हणून त्यांनी हो म्हटलं. तेव्हा मी उठले.

नाव सांगितलं. पहिल्यांदा चुकीचं सांगितलं म्हणे. दुसऱ्यांदा बरोबर सांगितलं.

त्यानंतर आई येत नाही. बाबा बाही न झटकता दारात उभे राहतात, आणि मला काय बोलायचं ते सुचत नाही. थोडा वेळ थांबून ते आत येतात. मी एका हाकेला ओ देते. बाईंनी पहिल्यांदाच लाल काही न लिहिता निबंध परत दिला आहे.

मावशी, माफ कर. उत्तर माझ्याच तोंडून गेलं आणि मीच तिथे नव्हते. मला तिचा आवाज ऐकायचा होता. सगळ्या वर्गाने ऐकला, मी सोडून. तू माझ्यावर रागावली नाहीस तर कळव.

तुझी
बिट्टी


२ डिसेंबर

चि. बिट्टीस अ. उ. आ.

रागावू कुणावर? तू माझी मुलगी असतीस तरी इतकं केलं नसतंस. माफी मी मागायची, ती समोर बसून मागेन.

त्या बाईंनाही हो म्हणावं लागलं, म्हणजे आता आम्ही दोघी अडकलो. त्यांना सांग, वरच्या वर्गाच्या बाईचं हे होतंच. तुझं पत्र मी पुष्कळदा वाचलं. एवढं तरी कळलं की ती कामं सांगत होती, आणि ती बरीच होती. इतकी वर्षं मला वाटायचं की एखादीच गोष्ट असेल, आणि तीच नेमकी आपल्या हातून राहत असेल. कुठली कामं ते आता कळणार नाही. मग तुमच्याकडे राहून दिसेल ते सगळं करायचं, दुसरा मार्ग मला दिसत नाही.

घर आवरते आहे. महिना अखेरीस येते, राहायला. बाबांना सांग, पाहुणी म्हणून नव्हे. तुमच्याकडे माझ्यामुळे गैरसोय होईल, मला ऐकू येत नाही म्हणून आरडाओरडा होईल, ते सगळं कबूल आहे. कशाला ते मला माहीत नव्हतं, पण हो मी म्हटलं होतं.

प्रेम तिथे पोचल्यावर. बाकी भेटीअंती.

तुझी
मावशी