साठ जीबीतली दाढी

चि. भाचेराव यांस मामाचे अनेक आशीर्वाद.

इकडे सगळं ठीक. मामीचा गुडघा आणि माझा स्वभाव सोडून (हे तिचं वाक्य). तुझ्या आईने पाठवलेला तुझा फोटो पाहिला. ती दाढी आधी काढून टाक. नटांच्या दाढ्या बनवण्यात जन्म गेला माझा, पण एवढी बेंगरूळ दाढी मी भिकाऱ्याच्या पात्रालाही लावली नसती.

पत्रास कारण तुझा पेन ड्राइव्ह. मी दाढ्या केलेला तो राजाचा सिनेमा तू अस्सल, फोर-के, साठ जीबीचा पाठवलास, मामाचा ऊर भरून आला. आमचा टीव्ही ती फाइल उघडेना, म्हणून जावयाच्या घरी, त्याच्या भिंतभर टीव्हीसमोर, व्याह्यांसकट सगळे बसलो. आजवर आम्ही बघायचो ती तूच दिलेली चोरीची कॉपी: कुणीतरी थेटरात बसून मोबाइलवर टिपलेली, रंग पाणचट चहाचा, आणि ऐन लढाईत एक गृहस्थ पडद्यासमोरून उठून जातो. (ती मी मोठ्या दिमाखात पुसून टाकली आणि मगच तुझी फाइल लावली.) पण त्यात राजाची दाढी जन्मापासून उगवल्यासारखी दिसायची! इथे राजा जवळ आला आणि गालावर आधी केस ओवलेली जाळी दिसली, मग डिंक, मग कानाशी सुटलेली कड. व्याह्यांनी चष्मा पुसला. जावयाने (तो मदतच करत होता म्हणे) चित्र थांबवून मोठं केलं. मामी सगळ्यांदेखत म्हणाली, "अहो, राजा दाढी चिकटवून आलाय की!" मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

चेष्टा सोड. नव्या सिनेमाचे दिग्दर्शक गुरुवारी माझ्या दाढ्यामिशांच्या दुकानात येणार आहेत, माझं जुनं काम पडद्यावर बघायला. हे काम मिळालं नाही तर दुकानाला कुलूप लावून जावयाच्या पंख्यांच्या दुकानात गल्ल्यावर बसायचं, असं घरात ठरलंय. मला भीती वाटते रे.

तुझा मामा

ता. क. : ती चोरीची कॉपी तुझ्याकडे अजून असेल तर ताबडतोब पाठव. तिच्यावरून मी तुला चारचौघांत झापलं होतं, ते शब्द मागे घेतो.

आणखी ता. क. : पाठवू नकोस. दिग्दर्शक आजच येऊन गेले. त्यांनी सिनेमा आधीच स्वच्छ पाहिलाय, राजाच्या जाळीसकट. म्हणाले, "राजाचं जाऊ द्या, पण प्रधानाची दाढी काय केलीत हो! कडच दिसत नाही. मला सगळ्या तशाच हव्यात." मी हो म्हणून बसलो. प्रधानाची दाढी त्या नटाची स्वतःची होती. तेव्हा तू तुझ्या दाढीला हात लावू नकोस. कडेचे केस नेमके कसे उगवतात ते बघायला रविवारी भिंग घेऊन येतोय.